‘कि’ म्हणताना क आधी, मग लिहिताना वेलांटी आधी का?

अक्षरगंध

नमस्कार मंडळी. आम्ही जर्मनीत राहतो. दर शनिवारी इथल्या पाच-सात मराठी मुलांना मी घरीच लिहायला-वाचायला शिकवते. मुळाक्षरं झाली, काना झाला, मुलं खूश होती. मग पहिली वेलांटी आली आणि गाडी अडली.

माझी सात वर्षांची मुलगी ‘किडा’ लिहीत होती. तिनं आधी क काढला आणि वेलांटी त्याच्या उजवीकडे दिली. मी म्हटलं, अगं, ही आधी द्यायची. ती पेन्सिल खाली ठेवून म्हणाली, “आई, तोंडातून आधी क् निघतो, मग इ. मग लिहिताना उलटं का?” तिच्या शाळेतल्या जर्मन अक्षरांत आवाज ज्या क्रमानं येतात त्याच क्रमानं अक्षरं बसतात, त्यामुळे तिला हे खरोखरच चुकीचं वाटत होतं.

मी ‘असंच असतं’ म्हणून वेळ मारून नेली. रात्री ते मनाला लागून राहिलं, कारण तिसऱ्या इयत्तेत मी हेच विचारलं होतं आणि मलाही हेच उत्तर मिळालं होतं. चाळीस वर्षांनी मी तेच पुढे ढकललं.

खरं कारण कोणाला माहीत आहे का? आणि तुमच्यापैकी जे दुसऱ्या लिप्या शिकलेत किंवा रोज वापरतात, त्यांच्याकडे ‘कि’ कसा लिहितात? जरूर सांगा, शनिवारी मुलांना दाखवीन.

सह्यगिरी

देवनागरी ही जगातली सर्वांत शास्त्रशुद्ध लिपी आहे, आपण जसं बोलतो तसंच लिहितो, हे आधी मुलीच्या मनावर ठसवा. वेलांटी कुठे येते हा बारीकसा मुद्दा आहे.

जुन्नरची_वाट

अक्षरगंधताई, तुमच्या मुलीचा प्रश्न बारीक नाही. त्याचं उत्तर दगडावर कोरलेलं आहे. मी जुन्नरचा, लेणी आणि शिलालेख हा माझा अनेक वर्षांचा नाद. जरा सविस्तर लिहितो.

आपली देवनागरी ब्राह्मीतून आली. अशोकाच्या काळच्या ब्राह्मीत, म्हणजे इसवी सनापूर्वी तिसऱ्या शतकात, क हा नुसता अधिकचं चिन्ह होता, एक उभी रेघ, एक आडवी. त्याला स्वर जोडायचा तर टोकाला छोटी रेघ काढत. उजवीकडे आडवी रेघ काढली की ‘का’. डावीकडे काढली की ‘के’. दोन्हीकडे काढली की ‘को’. खालच्या बाजूला काढली की ‘कु’. आणि ‘कि’? उजव्या बाजूलाच, पण वर वळलेली एक छोटी रेघ. ‘की’ साठी तशाच दोन. म्हणजे तुमच्या मुलीनं पेन्सिल जिथे नेली, तिथेच बावीसशे वर्षांपूर्वी इकार होता! तिला हे नक्की सांगा.

पुढे दगडावरची छिन्नी जाऊन भूर्जपत्र, ताडपत्र, लेखणी आली. हात गोलाई घ्यायला लागला. डोक्यावरची एक रेघ आणि दोन रेघा यांतला फरक भराभर लिहिताना टिकेना. तेव्हा वेगळेपण राखायला ऱ्हस्व इकाराची रेघ अक्षराच्या डोक्यावरून डावीकडे वळू लागली आणि दीर्घाची उजवीकडे. गुप्तकाळातल्या लेखांत हे वळण स्पष्ट दिसतं, पण अजून ते डोक्यावरचं फुलोऱ्यासारखं आहे. त्यानंतरच्या शतकांत त्या शेपट्या लांबत लांबत खाली उतरल्या, आणि नागरीत येईपर्यंत त्या उभ्या दांड्या झाल्या. एक अक्षराच्या डावीकडे, एक उजवीकडे.

तर वेलांटी ‘आधी’ लिहायची असं कोणी ठरवलं नव्हतं. ती अक्षराच्या डोक्यावर होती आणि डाव्या अंगानं खाली आली. वेलांटीला वरची कमान का असते, हेही त्यातच आलं. ती कमान म्हणजे तिचा जुना पत्ता.

अजून एक. एकाराचं डावीकडे जाणं तर अधिक जुनं आहे. यादवकाळातल्या शिलालेखांत आणि जुन्या पोथ्यांत मात्रा कितीदा तरी अक्षराच्या आधी उभ्या रेघेसारखी दिलेली आढळते. तिला पृष्ठमात्रा किंवा पडिमात्रा म्हणतात. नवखा वाचक तिला आधीच्या अक्षराचा काना समजतो आणि फसतो, मीही सुरुवातीला फसलो आहे. आपल्याकडे ती मात्रा पुन्हा डोक्यावर गेली. बंगालीत अजून अक्षराच्या आधीच लिहितात आणि ओकारात तर अक्षर दोन चिन्हांच्या मध्ये बसतं. तमिळमध्येही तसंच.

ब्राह्मी डोळ्यांनी पाहायची तर मुंबईच्या वस्तुसंग्रहालयात सोपाऱ्याला सापडलेला अशोकाच्या आठव्या लेखाचा तुकडा आहे. नाहीतर नाणेघाटात या. तिथल्या गुहेत नागणिका राणीचा लेख आहे. पावसाळा संपला की अक्षरांवर तिरपं ऊन पडतं तेव्हा सर्वांत चांगला वाचता येतो. १८३७ साली जेम्स प्रिन्सेपनं ब्राह्मीचा उलगडा केला नसता, तर ही सगळी अक्षरं आपल्याला नक्षीच वाटली असती.

अक्षरगंध

दादा, मी हे वाचून गप्पच झाले. तिनं चूक केली असं मी म्हटलं होतं. ‘कमान म्हणजे जुना पत्ता’ हे मी तिला उद्या सांगणार.

निवृत्त_टंकलेखक

मी तहसील कचेरीत तीस वर्षं टंकलेखन केलं. मराठी यंत्रावर तर पहिली वेलांटी खरोखरच आधी दाबावी लागे. ‘किती’ टाइप करायचं म्हणजे वेलांटी, क, त, दुसरी वेलांटी. यंत्राला उच्चार कळत नाही, कागदावर डावीकडून जे दिसेल तेच त्याला हवं. मात्रा, उकार, अनुस्वार यांच्या कळा अशा होत्या की त्या दाबल्या तरी गाडा पुढे सरकत नसे, म्हणजे ते चिन्ह अक्षराच्याच वर किंवा खाली उमटे. बरीच अक्षरं अर्धी होती, त्यांना पुढे दांडा जोडून पूर्ण करायची.

संगणक आला आणि युनिकोडवर, म्हणजे अक्षरं साठवायच्या आताच्या पद्धतीवर, बसलो तेव्हा मला सर्वांत जड गेलं ते हेच. तिथे आधी क, मग वेलांटी. बोट आपोआप वेलांटीकडे जायचं आणि पडद्यावर एक ठिपक्यांचं वर्तुळ घेऊन ती एकटीच उभी राहायची. नव्या पोरांना प्रश्नच पडत नाही, कारण ती बोलतात त्या क्रमानं दाबतात आणि वेलांटीला डावीकडे नेऊन बसवायचं काम यंत्र करतं. तुमच्या मुलीला फोनवर ‘कि’ टाइप करून दाखवा. तिचं म्हणणं यंत्राच्या पोटात खरं ठरलेलं आहे.

चाओफ्रायाकाठी

बँकॉकहून लिहितेय. मी इथे आले तेव्हा थाई शिकताना मला माझी वेलांटी पदोपदी आठवली. थाई लिपी ख्मेर लिपीवरून आली, ख्मेर दक्षिण भारतातल्या पल्लवांच्या लिपीवरून, म्हणजे मूळ पुन्हा ब्राह्मीच. गंमत म्हणजे थाईत ‘इ’ अक्षराच्या डोक्यावर बसते, जुन्नरच्या दादांनी सांगितलं तशी. पण ए, ओ आणि ऐ हे स्वर व्यंजनाच्या आधी लिहितात. देशाचं नाव ‘थाय’ लिहायचं तर आधी ऐकाराचं चिन्ह, मग थ, मग य. परक्या माणसाला पहिल्या धड्यातच डोळे मागे-पुढे करायला लागतात. आपल्याला मराठीमुळे ते लगेच जमतं. माझ्या वर्गातले युरोपीय विद्यार्थी अडखळत होते तिथे मला काही वाटलं नाही.

निवृत्त काकांच्या माहितीत भर. थाई संगणकात आजही दिसतं त्याच क्रमानं साठवतात, स्वर आधी. आपल्याकडे उच्चाराचा क्रम, त्यांच्याकडे डोळ्यांचा.

आणखी एक सांगायचा मोह आवरत नाही. इथल्या विमानतळाचं नाव सुवर्णभूमी. थाई पाटीवर शेवटचं अक्षर ‘मि’ आहे, इकारासकट, संस्कृतातल्यासारखं. म्हणताना मात्र सगळे ‘सुवन्नफूम’ म्हणतात, शेवटची इ कोणीच उच्चारत नाही. ‘प्रदेश’ या शब्दाचंही तेच. लिहिताना शेवटी श राखलाय, बोलताना तो ‘त’ होतो. प्रत्येक शब्दात असा जुना दगड जपून ठेवलाय आणि तो वाचताना पहिल्यांदा मला इथे आपल्या माणसांत असल्यासारखं वाटलं.

मस्कतला_आहे

आमच्याकडे तर ‘कि’ मधली इ लिहितच नाहीत. ‘किताब’ अरबीत लिहिताना क, त, आ, ब अशी चारच अक्षरं, उजवीकडून डावीकडे. पहिली ऱ्हस्व इ वाचणाऱ्यानं मनानं भरायची. कुराणात आणि लहान मुलांच्या पुस्तकांत क च्या खाली एक तिरपी बारीक रेघ देतात, वर्तमानपत्रात नाही.

सुरुवातीला मला वाटलं, हे लोक वाचतात तरी कसे? नंतर भाषेची ठेवण कळली. क-त-ब या तीन व्यंजनांत ‘लिहिणे’ हा अर्थ आहे. किताब म्हणजे पुस्तक, कातिब म्हणजे लिहिणारा, मक्तब म्हणजे कचेरी किंवा लिहिण्याची जागा. अर्थ व्यंजनांत, स्वर त्याला वळण देतात. अशा भाषेला ऱ्हस्व स्वर न लिहिणं परवडतं. मराठीला परवडणार नाही, आपल्याकडे दिन आणि दान, मन आणि मान यांची व्यंजनं एकच, पण अर्थांचा एकमेकांशी काही संबंध नाही.

प्राथमिक_शिक्षक_सांगली

सह्यगिरीजी, तुमचा भाषेवरचा जीव कळतो, पण ‘जसं बोलतो तसं लिहितो’ हे मी वर्गात सांगणं सोडून दिलंय, कारण पहिलीतलं पोर ते लगेच खोडून काढतं. ‘जग’ लिहून बघा. ‘हे जग’ म्हणताना ज वेगळा आणि ‘तू जग’ म्हणताना वेगळा. लिपीत फरक नाही. ‘चार’ आणि ‘चारा’ यांतले च वेगळे, तेही लिपीत नाही. ‘कमळ’ लिहितो तेव्हा ळ पूर्ण असतो, म्हणतो तेव्हा त्याचा पाय मोडलेला असतो. हे सगळं वाचणाराच भरून घेतो, मस्कतच्या दादांच्या अरबी वाचकासारखं, फक्त कमी प्रमाणात.

शास्त्रशुद्ध आहे ती आपली वर्णमाला. क च ट त प हे वर्ग घशापासून ओठांपर्यंत येतात, प्रत्येकात श्वास, घोष, नाक यांचा क्रम आहे. ही मांडणी आवाजांची आहे, चिन्हांची नाही. कानडी, गुजराती, बंगालीत चिन्हं बदलली तरी ती तशीच. जपानी मुलं त्यांची ‘काना’ नावाची अक्षरं अ, क, स, त, न, ह, म, य, र, व अशा ओळींत पाठ करतात, तोही क्रम बौद्ध भिक्षूंनी नेलेल्या संस्कृत वर्णमालेवरून. अभिमान वाटायचा तर याचा वाटावा.

आणि मराठीनं देवनागरीत आपलं म्हणून काय घातलंय तेही बघा. ‘आचार्यास’ आणि ‘आचाऱ्यास’. एक गुरुजींना, एक स्वयंपाक्याला. रफार आणि तो आडवा अर्धा र, दोन्ही असल्याशिवाय मराठी नीट लिहिताच येत नाही. हिंदीला त्याची गरज पडत नाही.

सह्यगिरी

‘जग’चं उदाहरण मी घरात मोठ्यानं म्हणून पाहिलं. पटलं. वर्णमाला आणि लिपी या दोन गोष्टी मी एकच धरत होतो.

सोलमधून

मी इथे पीएचडी करतोय. कोरियन लिपी हंगुल ही राजा सेजोंगनं १४४३ मध्ये तयार केली आणि १४४६ मध्ये जाहीर केली. तोवर लिहिणं चिनी अक्षरांत, म्हणजे शिकलेल्या थोड्यांच्या हातात. दरबारातल्या विद्वानांनी १४४४ मध्ये विरोधाचा अर्ज दिला की चिनी सोडून स्वतःची अक्षरं करणं रानटीपणाचं आहे. राजानं ऐकलं नाही.

त्यात ‘कि’ लिहिताना क च्या उजवीकडे एक सरळ उभी रेघ काढायची, एवढंच. बस. तुमच्या मुलीच्या मनासारखं! ती उभी रेघ म्हणजे उभा माणूस, आडवी रेघ म्हणजे जमीन, ठिपका म्हणजे आकाश, या तिन्हींवरून सगळे स्वर बांधलेत. व्यंजनांचे आकार तोंडावरून घेतले. क म्हणजे घशाकडे उचललेल्या जिभेची बाजूनं दिसणारी रेषा, न म्हणजे वरच्या दातांमागे टेकलेलं जिभेचं टोक, म म्हणजे मिटलेलं तोंड, चौकोनी. क चा ख करायचा तर एक रेघ वाढवायची, कारण श्वास वाढतो. शिक्षक सांगतात ती क च ट त प ची समज इथे थेट आकारात उतरलीय. तसे आवाजांचे वर्ग चिनी ध्वनिशास्त्रातून कोरियात आले होते, आणि चिनी पंडितांनी बौद्ध ग्रंथांबरोबर भारताकडून पुष्कळ उचललं होतं.

अक्षरं एका ओळीत न मांडता प्रत्येक उच्चारखंडाचा एक चौकोन करतात. दुरून चिनीसारखं दिसतं, जवळून आपल्या जोडाक्षरासारखं. मला वाचायला आठवडा लागला. समजायला अजून शिकतोय. ९ ऑक्टोबरला इथे लिपीची सुट्टी असते, देशभर.

सहा_ठिपके

मी जन्मापासून दृष्टिहीन आहे, हा धागा स्क्रीनरीडरवर ऐकतेय. ‘वेलांटी डावीकडे’ हे मला शाळेत कोणी सांगितलंच नव्हतं. आमच्या भारती ब्रेलमध्ये क चा खण, मग इ चा खण, बोलतो त्याच क्रमानं. काना, मात्रा, वेलांटी अशी वेगळी चिन्हंच नाहीत, स्वर अक्षराच्या पुढे येतो. एका खणात सहा ठिपके, आणि मराठी, तमिळ, बंगाली सगळ्यांना त्याच आवाजाला तोच खण. १९५१ पासून देशभर ही एकच पद्धत आहे. त्यामुळे माझी तमिळ मैत्रीण लिहिते ते मला अर्थ न कळता वाचून दाखवता येतं.

जोडाक्षरात मात्र आमच्याकडे उलटं आहे. पाय मोडल्याची खूण अक्षराच्या आधी येते. बोट आधी खुणेला लागतं, मग अक्षराला. ‘पुढचं अक्षर अर्धं आहे, तयार राहा’ असं ती सांगते. कॉलेजात डोळस मैत्रिणीनं माझ्या तळहातावर बोटानं ‘कि’ काढून दाखवला तेव्हा मला पहिल्यांदा कमान कळली. तो स्पर्श अजून लक्षात आहे.

मांडवीतीर

गोव्याहून. आमच्या घरात कोंकणी तीन लिप्यांत आहे. आजी चर्चची प्रार्थना रोमी, म्हणजे रोमन लिपीत वाचते, मी शाळेत देवनागरी शिकलो, मंगळूरची आत्या कानडी लिपीत पत्र लिहायची. आजीला वेलांटीचा प्रश्न कधी पडला नाही, रोमीत क मग इ.

मराठीचाही इथे जुना संबंध आहे. फादर थॉमस स्टीफन्स १५७९ मध्ये गोव्यात आले, त्यांचं क्रिस्तपुराण १६१६ मध्ये छापलं गेलं. जवळजवळ ११ हजार ओव्या, मराठीत, पण छपाई रोमन अक्षरांत. ट, ड, ळ यांसारख्या आवाजांसाठी त्यांनी अक्षर दोनदा लिहायची युक्ती काढली. इथल्या अक्षरांत छापावं ही त्यांची इच्छा होती, १६०८ च्या पत्रात ते तसं लिहितात, पण जोडाक्षरं आणि बाराखडी धरून शेकडो साचे ओतावे लागणार होते. म्हणजे वेलांट्या आणि जोडाक्षरं शिशात ओतणं जमलं नाही म्हणून मराठीतलं एवढं मोठं काव्य परक्या अक्षरांत जन्मलं. मला त्याचं वाईटही वाटतं आणि ते टिकलं याचा आनंदही. राज्यभाषा कायदा १९८७ मध्ये झाला तेव्हा कोंकणीसाठी देवनागरी ठरली. आजीची रोमी पुस्तकं आमच्या कपाटात आहेत आणि ती राहणार.

मोडीवाचक

छोटी भर. मोडीत वेलांटी बहुतेक वेळा एकच, उजवीकडची. ऱ्हस्व-दीर्घ पाहत नसत. आधी पानभर शिरोरेघा ओढून घ्यायच्या आणि मग बोरू न उचलता अक्षरं त्यांना लटकवत जायचं. डावीकडची वेलांटी म्हणजे हात मागे नेणं, आणि कारकुनाला तेवढा वेळ नसे, असं मला पेशवे दप्तरातले कागद वाचताना नेहमी वाटतं. त्या धावत्या हातानं तुमच्या मुलीसारखाच निर्णय घेतला.

जुनी_पाटी

मी ७८ वर्षांचा. कोणी लिहिलं नाही म्हणून लिहितो. १९५३ साली लखनौला लिपी सुधारणेची परिषद भरली होती. तिथे ठरलं की ऱ्हस्व वेलांटीही अक्षराच्या उजवीकडेच द्यावी, फक्त तिचा दांडा दीर्घापेक्षा आखूड, अर्ध्यावर थांबणारा. माझ्या मोठ्या बहिणीच्या शाळेच्या पुस्तकात तशी छापलेली मी पाहिली आहे. घरी वडील जुन्या वळणानं लिहीत, ती नव्या, आणि संध्याकाळी दोघांचा वाद होई. अडचण अशी की आखूड आणि लांब यांतला फरक हातानं लिहिताना राहत नसे, ‘कि’ आणि ‘की’ सारखेच दिसत. १९५७ मध्ये ती सुधारणा मागे घेतली.

जुन्नरच्या रावांचं वाचून आता कळलं. हीच अडचण हजार-दीड हजार वर्षांपूर्वी लिहिणाऱ्यांना आली होती आणि म्हणूनच एक रेघ डावीकडे वळवली गेली.

जुन्नरची_वाट

काका, तुम्ही हे जोडलंत म्हणून मला आज झोप लागणार नाही. मी लखनौबद्दल वाचलं होतं, पण दोन्ही गोष्टी कधी शेजारी ठेवल्या नव्हत्या.

अक्षरगंध

शनिवारचा वर्ग झाला. जमिनीवर मोठा कागद अंथरला आणि मध्ये ब्राह्मीतला क काढला. मग मुलांनी एकेक करून ‘कि’ लिहिला. एकीनं ब्राह्मी, एकानं कोरियन, एकानं अरबी (नुसता क, आणि खाली बारीक रेघ). ब्रेलसाठी आम्ही जाड कागदाला सुईनं टोचून ठिपके उठवले आणि सगळ्यांनी डोळे मिटून बोट फिरवलं. सहा_ठिपके ताई, हे तुमच्यामुळे. जुन्या पाटीकाकांची अर्धी वेलांटीही काढली, आणि पाच मिनिटांत दोन मुलांची ‘कि’ आणि ‘की’ मध्ये खरंच गफलत झाली.

माझ्या मुलीनं शेवटी आपली देवनागरी वेलांटी काढली. आधी क लिहिला, त्याच्या डोक्यावर उजवीकडे छोटी रेघ दिली, मग तीच रेघ कमान करून डावीकडे नेली आणि खाली उतरवली. म्हणाली, “मी अशीच लिहिणार, म्हणजे क आधी होतो.” मी काही बोलले नाही. अक्षर अगदी बरोबर दिसतंय.

आता तिचा पुढचा प्रश्न. ‘सूर्य’ म्हणताना र् आधी येतो आणि य नंतर, मग र् उडी मारून य च्या डोक्यावर का बसतो? पुढच्या शनिवारपर्यंत वेळ आहे.

जुन्नरची_वाट

रफारासाठी पुन्हा दगडाकडे जावं लागेल. ब्राह्मीत जोडाक्षराची अक्षरं एकाखाली एक रचत, आधी उच्चारलेलं वर. तेव्हा र् वर आणि य खाली हे अगदी बरोबरच होतं. मुलीला आधी दोन ठोकळे एकावर एक ठेवायला सांगा, बाकीचं उद्या सकाळी लिहितो.